‘येतो’ म्हणून निघालो होतो

मी लिहिणारा माणूस नाही. घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच. काकाजींचे नातेवाईक असताना त्यांच्याविषयी मी लिहावं, हा आगाऊपणा वाटेल. त्याबद्दल आधीच माफी मागतो. पण अमरावतीतली त्यांची शेवटची दोन वर्षं मी त्यांच्याच घरात, पुढच्या खोलीत भाड्यानं राहत होतो.

काकाजी अकोट डेपोतून निवृत्त झालेले एसटी कंडक्टर. काकू वारल्यापासून एकटेच. मी शेंदूरजनाघाटचा म्हटल्यावर म्हणाले, “संत्र्याच्या गावचा, अन् चेहरा एवढा आंबट कावून बे?”

घरातून निघताना आपण ‘जातो’ म्हणत नाही, ‘येतो’ म्हणतो. मीही रोज म्हणायचो. दुसऱ्या वर्षी काकाजींचं विसरणं वाढलं. आधी चष्मा, मग जेवण झालं की नाही ते, मग काकूंचं मरण. ती माहेरी गेली आहे, असं सांगायचे. माझं ‘येतो’ मात्र त्यांना अगदी खरं वाटू लागलं. मी कॉलेजला निघालो की फाटकाशी खुर्ची टाकून बसायचे. संध्याकाळी परतलो तरी तिथेच... शेजारी चहाचे दोन कप, वर साय धरलेली. “येतो म्हने! मानसानं वाट तरी किती पाहाची?”

परीक्षेच्या दिवशी उशीर होत होता आणि ते हात सोडेनात. वैतागून म्हणालो, “जातो मी.” त्यांचा चेहरा उतरला. “असं नाही म्हनू बाप्पा. दवाखान्यात जातानी तुही काकू तसंच म्हनली होती.” त्या एका क्षणी त्यांना सगळं आठवत होतं.

पुढे त्यांची मुलगी त्यांना अकोल्याला घेऊन गेली. ऑटोत बसलेल्या काकाजींच्या मी पाया पडलो आणि सवयीनं म्हणालो, “येतो काकाजी भेटायला.” अकोला काही लांब नाही. पण सुट्टीत नांदगाव पेठच्या कापड कारखान्यात काम धरलं, आणि दर रविवारी पुढचा रविवार ठरत गेला. खरं कारण वेगळंच होतं. त्यांनी मला ओळखलंच नाही तर, याची भीती वाटत होती...

मागच्या महिन्यात धीर करून अकोल्याला ताईंना फोन केला. “या रविवारी येतो,” म्हणालो. त्या म्हणाल्या, “बाबाले जाऊन पंधरा दिवस झाले रे. तुहा नंबर सापडला नाही. नावही इसरले होते तुहं. पन दाराची कडी लावू देत नव्हते. म्हनत, पोट्टा येतो म्हनून गेला हाये.”