काकांनी तपासलेली करंटची गोधडी

आमच्या बिल्डिंगमधल्या सगळ्या माणसांना सुखरूप ठेवण्याची जबाबदारी देवाने चौथ्या मजल्यावरच्या काकांवर टाकलेली आहे, अशी काकांची पक्की समजूत होती आणि देवाकडूनही तिला कधी हरकत आलेली नव्हती. भोसरीच्या एका कंपनीत तीस-बत्तीस वर्षं मेंटेनन्समध्ये काढून ते चिखलीत राहायला आले. नोकरी सुटली, पण कंपनीचे नियम काही अंगातून उतरले नाहीत. जिना उतरताना कठडा धरायचा म्हणजे धरायचा. दोन्ही हातांत भाजीच्या पिशव्या असल्या तर एक पिशवी ते स्वतः घेत, पण तुमचा हात कठड्यावर ठेवूनच पुढे जाऊ देत. स्कूटर कायम तोंड फाटकाकडे करून लावायची, कारण "पळायची येळ आली तर वळवत बसनार का?" शर्टाच्या खिशात पेनाच्या जागी टेस्टर. एका सत्यनारायणाला तर गुरुजींनी संकल्प सोडायच्या आत काकांनी उभं राहून सगळ्यांना सांगितलं, की काही झालंच तर घाई न करता खाली पाण्याच्या टाकीपाशी जमायचं. गुरुजींनी मान डोलावली आणि पूजाभर एक डोळा दाराकडे ठेवला.

आम्ही फार हसायचो त्यांना. त्या हसणाऱ्यांत माझा आवाज सगळ्यात मोठा होता, हे आत्ताच सांगून टाकते, कारण पुढे जे सांगायचंय ते सांगताना मला माझीच लाज वाटणार आहे. ते जिन्यातून चालतात कसे, बटण दाबताना चप्पल घातलीय ना हे आधी कसं बघतात, याची नक्कल मी हळदीकुंकवाला करून दाखवायची आणि बायका पोट धरून हसायच्या. आणि तरीही घरात मिक्सरमधून वास आला, गिझरची वायर मऊ लागली, की मी पहिली हाक काकांनाच मारायची. बायको गेल्यापासून ते एकटेच, स्वयंपाकही स्वतःच करायचे. हाक आली की अर्धी लाटलेली पोळी तशीच टाकून, पण गॅस बंद केल्याची दोनदा खात्री करून, खाली यायचे.

गेल्या थंडीत सासूबाई लातूरहून आमच्याकडे आल्या. त्यांना साखर आहे, पायांना बधिरपणा, आणि थंडी अशी की दुपारीसुद्धा मोजे. "पाय निस्ते बर्फावानी पडायलेत गं," असं त्या सारख्या म्हणायच्या, म्हणून मी मोबाइलवरून इलेक्ट्रिक ब्लँकेट मागवलं. गादीवर अंथरायचं, बटण लावलं की अंथरूण गरम. सासूबाईंनी त्याचं नाव ठेवलं करंटची गोधडी, आणि काकांनी बघितल्याशिवाय त्यावर पाठ टेकणार नाही असं जाहीर केलं. काका आले. त्यांनी ते ब्लँकेट पलंगावर असं अंथरलं, की नवरीच्या शालूलाही कुणी इतकं जपलं नसेल. चारी पट्टे गादीला बांधले, तळहाताने इंच न् इंच चाचपून कुठे सुरकुती नाही ना ते पाहिलं, अर्धा तास चालू ठेवून दर पाच मिनिटांनी हात लावून बघितलं. मग मला समोर उभं करून धडा दिला.

"सूनबाई, ह्ये सपाट पाहिजे. कोपरा दुमडला की तितंच तापत ऱ्हातं. खाली फोम घालायचा न्हाई, वर येकच सुती चादर, पांघरूण हलकं. जाड गोधडी घडी करून टाकायची न्हाई, उष्णतेला जायला वाट पाहिजे. आन् आई अंथरुणात शिरल्या की बटण बंद. त्येंच्या पायाला चटका कळायचा न्हाई, ते आपल्याला कळाय पाहिजे."

मी "हो काका" म्हटलं. त्यांची पाठ वळल्यावर त्यांच्यासारखी मान हलवून नवऱ्याला हसवलंसुद्धा.

दोन आठवड्यांनी एका शनिवारी चादरी धुवायला काढल्या. त्यासाठी ब्लँकेटही काढलं. निघोज्याच्या कंपनीत मी स्टोअरला आहे, बसची वेळ झालेली. गादी कडक लागते म्हणून आई कुरकुरत होत्या, तेव्हा मी खाली फोमची पातळ गादी सरकवली, वर ब्लँकेट टाकलं, पट्टे राहिलेच. एक कोपरा आत दुमडला गेलेला मला दिसला. हे मुद्दाम लिहिते, की दिसला. आल्यावर नीट करू म्हटलं. पायथ्याशी गावाकडच्या दोन गोधड्या घडी करून ठेवल्या, आईंना आडवं होताना ऊब लागावी म्हणून बटण लावलं आणि पळाले. बंद करा म्हणून सांगायचंही राहिलं.

चार वाजता नवरा पहिल्या शिफ्टहून आला तेव्हा खोलीत करपल्याचा वास होता. आई गाढ झोपलेल्या. चादरीला पायथ्याशी तपकिरी डाग आणि आईंच्या टाचेला लिंबाएवढा फोड. त्यांना पत्ताही नव्हता. नवऱ्याने वायर उपटली, सगळं अंथरूण ओढून खाली टाकलं, आईंना दवाखान्यात नेलं. मी घरी पोचले तेव्हा दोघं पट्टी करून आले होते. डॉक्टरांनी सांगितलं होतं, साखरेचा पाय आहे, जखम चिघळली तर एखादं बोट कापूनही भागायचं नाही. नवरा पांढराफटक पडला होता. त्याने विचारलं, "ते ब्लँकेट लावलं कुणी होतं?"

मी म्हटलं, "काकांनीच तर तपासून दिलं होतं."

यातला एक शब्द खोटा नव्हता. इतकं खोटं मी आयुष्यात कधी बोलले नसेन.

नवरा वर गेला. काका त्याच्या मागोमाग खाली आले. जमिनीवर पडलेल्या अंथरुणाच्या ढिगाकडे बघत राहिले. त्यातून कुणाला काय कळणार होतं? मग आईंच्या पायाकडे बघून त्यांनी हात जोडले. "व्हय, मीच बघितलं हुतं. माज्याच नजरंतून सुटलं आसंल. माफ करा, आई." मी स्वयंपाकघरात कोथिंबीर निवडत होते. जुडी संपली तरी निवडत होते.

बिल्डिंगमध्ये बातमी पसरायला वेळ लागला नाही. काकांना हाक मारणं बंद झालं. तेही कुणाला काही सांगेनासे झाले. जिन्यात भेटले की अंग चोरून बाजूला होत आणि मी मोबाइलमध्ये बघत पुढे जायची. आईंची टाच भरायला महिना लागला. जखम भरली की सगळं विसरलं जाईल, असं मी स्वतःला समजावत होते.

मग एका सकाळी गच्चीवर पापड वाळत घालायला जाताना त्यांच्या दाराला खानावळीचा डबा अडकवलेला दिसला. काका दारातच होते. बरं नाही का म्हणून विचारलं.

"बरा हाय. पर गॅस न्हाई पेटवत आता. बंद केला का न्हाई, भरवसा वाटत न्हाई." अडकवलेला डबा काढून घेत म्हणाले, "त्या ब्लँकेटवर हात फिरवलेला मला लख्ख आठवतो बगा. घडी नव्हती. पर घडी आसल्याबिगर तितंच करपत न्हाई, म्हंजी घडी तर हुती! म्हंजी डोकंच चालंना झालं माजं. पोरगा फोनवर म्हनतो, डोक्याच्या डॉक्टरला दाखवू."

पापडांचं ताट मी त्यांच्या उंबऱ्यावरच ठेवलं आणि सगळं सांगितलं. कोपरा, फोम, गोधड्या, बटण. ते ओरडतील म्हणून मी मान खाली घातली होती. ते ओरडले नाहीत. त्यांनी फक्त विचारलं, "म्हंजी मी बघितलं तवा सपाट हुतं?"

"होतं, काका."

"पट्टे?"

"चारी बांधलेले होते. तुम्हीच बांधले होते."

"तरीच!" ते म्हणाले आणि हसले. लहान मुलाला हरवलेली वस्तू सापडावी तसा त्यांचा चेहरा झाला. माझ्यावर रागवायचं त्यांच्या लक्षातही आलं नाही. दोन शिव्या दिल्या असत्या तर मला सोपं गेलं असतं. तो आनंद माझ्याने बघवेना, मी तिथेच रडायला लागले, आणि ते आत जाऊन माझ्यासाठी चहा ठेवायला लागले.

त्याच दिवशी घरात सांगितलं. नवरा तसाच चपला घालून वर काकांकडे गेला. आई इतकंच म्हणाल्या, "त्या मानसानं माज्यापुडं हात जोडले, अन् तू आत बसून ऐकलीस व्हय?" नंतर एकेका घरी जाऊन मी स्वतः खरं काय ते सांगून आले. काही जणींनी ते रंगलेल्या गोष्टीसारखं ऐकलं, काहींनी माझ्याकडे बघणं टाळलं.

आता काकांना पुन्हा हाका येतात. परवा इस्त्रीचा प्लग तापत होता म्हणून मीही बोलावलं. त्यांनी प्लग उघडला, स्क्रू आवळले, पाच मिनिटं चालू ठेवून बघितलं. मग जायला निघाले, आणि दारातून परत आले.

"सूनबाई, मी बघितलंय," ते म्हणाले, "पर तुमीबी येकदा हात लावून बगा."