पानं पुसणारे रायर

मद्रासजवळच्या एन्नोरला सकाळी धुकं असावं तसं काहीतरी तरंगायचं. ती वीज कारखान्याच्या धुराड्यांची राख. त्या करड्या उजेडात आमच्या रेल्वे क्वार्टर्सच्या बागेत एक म्हातारा ओल्या फडक्यानं झाडांची पानं पुसत असे. एकेक पान तळहातावर घेऊन, लेकराचं तोंड पुसावं तसं. लांबून वाटायचं, माणूस झोपेत चालतोय.

ते बागेचे माळी. तंजावरकडच्या मराठी माणसांना तिथं रायर म्हणतात, म्हणून हेही रायर. मी चौथी शिकलेला गँगमन, पण खरी मराठी माझीच, असा माझा ताठा. मी डिवचायचो, "रायर, कुठल्या राजाच्या वेळची भाषा ही?"

"आमची जाग्यावरच आहे हो. तुमचीच पळाली पुढें."

रस्त्याच्या कडेला त्यांनी करंजाची रोपं लावली होती. म्हणायचे, "राख इथें थांबेल. पोरें आंत खेळतील." सुकलेला पाला ते कधी टाकत नसत, झाडाच्या बुडाशी पसरत. "पांघरूण आहे तें."

त्सुनामीच्या आदल्या वर्षाची गोष्ट. मद्रासला येऊन मला चार महिने झाले होते. एका संध्याकाळी दारापुढचा पाला गोळा केला आणि गावाकडं पेटवतो तसा पेटवून दिला. रायर धावत आले. "इलै! इलै!"

मला तमिळचा एकच शब्द येत होता, इल्लै. म्हणजे नाही. मला नाही म्हणणारा हा कोण? मी पायानं आणखी पाला आत लोटला. जाळ उसळला आणि शेजारचा कोवळा करंज एका अंगानं होरपळला.

रायर त्या करंजापाशी बसले. मग हळूच म्हणाले, "मी नको म्हटलें नाहीं. इलै म्हणजे पान. घाबरलों कीं तमिळच येतें तोंडास."

चूक कळली, पण मी ती कबूल केली नाही. जन्मात कुणापुढं केली नव्हती. दुसऱ्या दिवसापासून मुकाट्यानं त्या झाडाला बादलीभर पाणी घालू लागलो. आठवडाभरानं रायरांनी फडकं फाडून अर्धं माझ्या हातात दिलं. "वरून खालीं पुसा. देंठ दुखवूं नका."

मग रोज आम्ही दोघं त्या राखेत उभे. हाताखाली हिरवं उजळत जायचं आणि मी कुठल्या मुलखात आहे तेच विसरायचो.

पुढं त्यांची नजर गेली. लेक न्यायला आली. बस हलताना मी एकदाचं म्हटलं, "रायर, चुकलं माझं." ऐकू गेलं की नाही, कोण जाणे. खिडकीतून ते ओरडले, "दिवाळीचा पाऊस पडूं द्या! तोंवर तोडूं देऊं नका त्या जळक्या करंजास!"

तोडायला रेल्वेची माणसं दोनदा आली. झाड वाळलंय म्हणाली. मी दोन्ही वेळा बुंध्याशी खाट टाकून बसलो. "आधी मला उचला," म्हटलं.

तिकडचा खरा पाऊस दिवाळीच्या सुमाराला येतो. तो पडला. जळक्या अंगाला तांबूस पालवी फुटली. रायरांना कळवावं, तर त्यांचा पत्ता घ्यायचा राहिला होता. मग दिवसभर मी भेटेल त्याचा हात धरून त्याला झाडापाशी नेत होतो.