कडीजवळचा डाग

आमच्या पार्ल्याच्या चाळीत तो शेवटच्या खोलीत राहायचा. त्रेपन्न-चोपन्नची गोष्ट. अंधेरीच्या एका स्टुडिओत तो सिनेमांचे सेट उभारायचा, आणि एखादा नट आला नाही की स्वतःच तोंडाला रंग लावून उभा राहायचा. कधी मुनीम, कधी पोस्टमन. चाळीला कौतुक होतं ते त्याच्यातल्या नटाचं. सेटबद्दल त्याला कुणी कधी विचारलं नाही.

कुणाच्याही घरी आला की आत शिरण्याआधी तो दाराच्या कडीजवळच्या काळपट डागावरून अंगठा फिरवायचा. "किती हात लागलेत रे इथे," म्हणायचा.

एकदा मला म्हणाला, "स्टुडिओत कोकणातलं घर उभं केलंय. येऊन बघ ना. सोमवारी मोडणार." मी हो म्हटलं आणि रविवारी घरीच लोळत पडलो.

ते घर असलेला सिनेमा लागला तेव्हा अख्खी चाळ बघायला गेली. पडद्यावर पोस्टमन होऊन तो त्या घराच्या दाराशी आला, कडेला उभा राहून पत्र दिलं, आणि सगळा वेळ आमच्याकडे पाठ! बाहेर पडल्यावर मी चिडलो. "अरे, तोंड तरी दाखवायचंस!"

"वळलो असतो तर कडी झाकली गेली असती," तो म्हणाला. "आठ दिवस त्या कोऱ्या फळीवर तेलकट हात घासत होतो. दिसला ना डाग?"

"दिसला ना! झकास!"

त्याने माझा हात दोन्ही हातांत धरला आणि बराच वेळ सोडला नाही.

मी डाग पाहिलाच नव्हता. मी त्याचं तोंड शोधत होतो.