हेवी लायसन्स आणि वाकडा खांब

ट्रक अर्ध्या वळणावर थांबला आणि पुढे हलेचना. पुढे म्हणजे मागे. टेस्ट रिव्हर्सची होती.

आरटीओच्या मैदानावर दोन्ही बाजूंनी खांब रोवलेले असतात. त्यांच्या मधून ट्रक उलटा आणायचा, एकाही खांबाला धक्का लावायचा नाही. इंजिन चालू होतं. किसन स्टेअरिंगवर दोन्ही हात ठेवून ताठ बसला होता.

"काय झालं?" इन्स्पेक्टरसाहेबांनी विचारलं.

"मागं मानूस न्हाई, साहेब."

"कसला माणूस?"

"गाडी मागं घ्यायला. को-ड्रायव्हर."

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी लांब उभी होते, तरी डोक्यावरचा गॉगल डोळ्यांवर ओढला.

"इथं को-ड्रायव्हर नसतो. घ्या मागे."

किसनने गाडी हातभर मागे घेतली आणि पुन्हा थांबवली. साहेबांनी थोडी वाट पाहिली, मग कागदावर नापास लिहिलं. सतरा वर्षं सैन्यात ट्रक चालवलेला माणूस माझ्या शाळेतून ट्रकच्या टेस्टमध्ये नापास झाला.

शाळा म्हणजे आमचं मोटार ट्रेनिंग स्कूल, मिरजेत. मी तेव्हा तरुण होते. एकावन्न वर्षांची. ट्रक शिकवायचं काम नासिरच्या अब्बांचं, म्हणजे माझ्या नवऱ्याचं. मी ऑफिसात काचेच्या टेबलामागे बसायची, फी घ्यायची, फॉर्म भरायची आणि स्वतःला शाळेची प्रिन्सिपल समजायची. ट्रकच्या केबिनमध्ये मी कधी पायसुद्धा ठेवला नव्हता. घर आणि ऑफिसापुढे आमचं सरावाचं मैदान होतं, त्याच्या कोपऱ्यात लोखंडी खांबावर आमचा बोर्ड होता. शाळेच्या नावाखाली मी हौसेने एक ओळ रंगवून घेतली होती: 'आमच्याकडे कोणी नापास होत नाही.'

हेवी लायसन्सला खर्च किती येतो, हे विचारायला रोज कोणीतरी यायचं. मी बोटांवर मोजून दाखवायची. शिकाऊ लायसन्सची सरकारी फी, डॉक्टरच्या सर्टिफिकेटचे पैसे, शाळेची फी, टेस्टच्या दिवशी ट्रकचं भाडं आणि डिझेल, मग पक्क्या लायसन्सची फी. आकडे सांगत नाही, आज ऐकून तुम्ही हसाल. हा झाला पावत्यांचा खर्च. शिकाऊ लायसन्स मिळाल्यावर महिनाभर थांबावं लागतं, त्या महिन्यात बुडणारी मजुरी मी कधी मोजत नव्हते. ती माझ्या टेबलावर येत नव्हती ना.

किसन मूळचा म्हसवडकडचा. नुकताच निवृत्त होऊन आला होता. त्याची मुलगी मिरजेत नर्सिंग शिकत होती, म्हणून त्याची बायको मंदा इथेच खोली घेऊन राहिली होती. पेन्शन होती, उपाशी कोणी नव्हतं. पण सैन्यातून सुटलेल्या माणसाला मिळते ती नोकरी बहुतेक पुण्या-मुंबईला, कुठल्यातरी गेटवर. म्हणजे परत घराबाहेर. सांगलीच्या एका ट्रान्सपोर्टच्या शेठने मात्र त्याला नवा ट्रक देऊ केला होता. मिरज ते पुणे, एक दिवस जायचं, दुसऱ्या दिवशी रात्री घरी.

"सतरा वर्सं मी घरी पावन्यावानी आलोय भाभी," तो पहिल्या दिवशी म्हणाला. "पोरगी मला चा देताना ट्रे मदनं देती. तेवढं बंद व्हायला पायजे."

सैन्यातल्या लायसन्सवरून बाहेर चालणारं हेवी लायसन्स करून घेण्याची सोय असते. पण त्याचा कागद कुठल्यातरी ऑफिसात अडकला होता, आणि शेठ थांबायला तयार नव्हता. किसनकडे कारचं लायसन्स होतं. त्यामुळे आमच्यासारख्या शाळेत नाव घालून हेवीचं शिकायचं, हा रस्ता त्याने धरला.

शाळेला एक दाखला द्यावा लागतो: या माणसाला आम्ही ठरल्याप्रमाणे ट्रक शिकवला आहे. त्याशिवाय टेस्ट नाही. त्याच महिन्यात नासिरच्या अब्बांची कंबर धरली आणि ते पलंगावर पडले. दुसरा शिकवणारा रोजावर आणायचा तर पैसे माझ्या गल्ल्यातून जाणार. मी विचार केला, फौजी माणूस, बर्फात गाड्या चालवून आलाय, याला काय शिकवायचं? फी मात्र पूर्ण घेतली. महिन्याभरात तो आमच्या ट्रकवर दोनदाच बसला, दोन्ही वेळा पंपावरून डिझेल भरून आणायला. माझंच काम. शेवटी दाखल्यावर मी टेचात सही केली. सहीखाली दोन टिंबंही दिली. तेव्हा माझी सही फार झोकदार होती.

आता टेस्टमध्ये नापास झाल्यावर पुन्हा टेस्टला सात दिवस थांबणं भाग होतं. शेठला फोन केला. "आठ दिवस थांबतो," तो म्हणाला. "नवव्या दिवशी ट्रक दुसऱ्याच्या ताब्यात. हप्ता काय माझा सासरा भरणार हाय काय?"

आरटीओच्या मैदानावरून परत येताना मी किसनला विचारलं, "अरे, सतरा वर्षं तू गाडी मागे घेतलीच नाहीस का?"

"घेतली की. रोज घेतली. पन एकट्यानं कवाच न्हाई. आवं, तितं नियमच हाय. को-ड्रायव्हर उतरनार, मागं हुबा ऱ्हानार, शिट्टी वाजवनार. तो सांगंल तेवढीच गाडी मागं. त्यानं 'बास' म्हनलं की बास. त्यो नसंल तर गाडी जाग्यावर."

"आणि ठोकली तर?"

"तर त्याची चूक. मी फकस्त ऐकायचं."

हे ऐकून मला फार सोपं वाटलं. मी म्हटलं, एवढंच ना? मग मी राहते मागे उभी. दोन-चार वेळा सराव झाला की भीड जाईल. मी काय म्हणतेय ते मलाच कळत नव्हतं, पण आवाज प्रिन्सिपलचा होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी ओढणी कमरेला खोचली, नातवाची शिट्टी गळ्यात घातली आणि ट्रकच्या मागे बाजूला उभी राहिले. मंदा भिंतीवर बसून बघत होती. किसनने गाडी रिव्हर्सला टाकली. मी हात हलवत ओरडले, "येऊ दे, येऊ दे, येऊ दे!"

माझं सगळं लक्ष उजव्या चाकाकडे होतं, कारण त्या बाजूला मी लावलेली कढीपत्त्याची झाडं होती. डावीकडे मी पाहिलंच नाही. "येऊ दे, अजून येऊ दे" म्हणता म्हणता कडकड आवाज झाला. लोखंडी खांब कमरेत वाकला आणि 'कोणी नापास होत नाही' ही ओळ उताणी पडून आभाळाकडे बघायला लागली.

घरातून नासिरच्या अब्बांचा आवाज आला, "काय पडलं?"

"काही नाही!" मी ओरडले.

किसन खाली उतरला. मी त्याच्यावर तुटून पडले. चूक आपली असली की मला असाच मोठा आवाज फुटायचा.

"तुला आरशात खांब दिसला नाही?"

"दिसला की."

"दिसला? मग थांबला का नाहीस?"

"तुमी 'येऊ दे' म्हनला."

भिंतीवरून मंदा म्हणाली, "त्यांचं असंच हाय भाभी. मागनं कुनी सांगितलं की इचार बंद. घरात मी सांगितल्यालं तेवढं ऐकू येत न्हाई."

मी हसले, आणि वाकलेल्या खांबाकडे पाहिलं. त्याला खांब दिसत होता. तरी तो आला, कारण मागे उभ्या माणसाने बघून सांगितलं असेल असा त्याचा विश्वास होता. मी बघितलं नव्हतं. नुसतं 'येऊ दे' म्हटलं होतं. आणि हे मी पहिल्यांदा केलं नव्हतं. दाखल्यावर झोकदार सही करताना मी दुसरं काय केलं होतं?

संध्याकाळी नवऱ्यासमोर सगळं कबूल केलं. घरी आम्ही दखनीत बोलतो, आणि त्या दिवशी ते जे बोलले ते मराठीत लिहिण्यासारखं नाही. मग शांत झाल्यावर म्हणाले, "पूर्वी प्रत्येक ट्रकवर क्लीनर असायचा. मागे उतरून बघणारा. आता कोण ठेवतो?"

मी शेठला फोन करून विचारलंच. "ट्रकवर दुसरा माणूस देणार का?"

"क्लीनर?" तो हसला. "त्याचा पगार, त्याचा भत्ता, त्याचं जेवान. परवडत न्हाई भाभी. आता आरसेच लई मोठं येत्यात."

म्हणजे बघणाऱ्या माणसाचा पगार वाचला होता, पण बघायचं काम तसंच राहिलं होतं. ते ड्रायव्हरच्या अंगावर आलं होतं. आणि ज्याने जन्मभर 'बास' दुसऱ्याकडून ऐकलं, त्याला ते स्वतःशी म्हणायला शिकवायचं होतं. दिवस उरले होते सहा.

नासिरच्या अब्बांनी कमरेला पट्टा बांधला आणि मैदानावर खुर्ची मांडून बसले. युक्ती त्यांची. ते किसनला म्हणाले, "ही मागे उभी राहील. काय वाटेल ते ओरडेल. कधी खरं, कधी खोटं. तू हिचं ऐकायचं नाही. आरसे बघायचे. आरशात दिसत नसेल तर गाडी बंद, हँडब्रेक, खाली उतरायचं, मागे जाऊन बघायचं, परत चढायचं."

"भाभीचं ऐकायचं न्हाई?" किसनला ते फार जड गेलं.

"मी तीस वर्षं हेच करतोय," ते म्हणाले. "सवय होते."

पहिल्या दिवशी मी "येऊ दे" म्हटलं की तो यायचाच. खांबांच्या जागी आम्ही रिकामे डबे ठेवले होते. सगळे चेपले. दुसऱ्या दिवशी त्याने एक डबा वाचवला, पण खाली उतरून माझी माफी मागितली. तिसऱ्या दिवशी तो चिडला. "ह्ये बरं न्हाई," म्हणाला. "मागं हुबं ऱ्हानाऱ्यानं खोटं बोलायचं म्हंजे काय? तितं कुनी असं केलं असतं तर..." तो केबिनमध्ये चढला. दार ओढून घेतलं. मी चेपलेले डबे गोळा करायला लागले. आपण याच्याकडून काहीतरी काढून घेतोय असं मला वाटलं. दुसऱ्यावर डोळे मिटून विश्वास टाकता येणं ही काही वाईट सवय नव्हती. फक्त ती ज्या जागी चालते ती जागा मागे राहिली होती.

थोड्या वेळाने त्याने स्वतःच गाडी चालू केली.

चौथ्या दिवशी मी गळा फाडून ओरडत होते, "येऊ दे, खूप जागा आहे, येऊ दे!" ट्रक थांबला. किसनने खिडकीतून डोकं बाहेर काढलं.

"भाभी, तुमी खोटं बोलताय."

मला आयुष्यात लोकांनी बरंच काही म्हटलंय. पण खोटारडी म्हटल्याचा एवढा आनंद कधी झाला नव्हता. मी जाऊन पाहिलं. डबा ट्रकपासून वीतभर लांब होता.

दुसऱ्या टेस्टला तेच इन्स्पेक्टरसाहेब होते. टेस्टची फी आणि डिझेल मी भरलं. किसन नको म्हणत होता, वर बोर्डाच्या खांबाचे पैसे देतो म्हणत होता. "'येऊ दे' कोण म्हणालं होतं?" मी विचारलं, तेव्हा त्याने पाकीट परत खिशात ठेवलं. मंदाला मी मैदानाबाहेर चहाच्या गाड्यावर बसवलं, कारण तिच्या चेहऱ्याकडे मला बघवत नव्हतं. शेठने दिलेल्या आठ दिवसांतला तो शेवटचा दिवस होता.

ट्रक मागे यायला लागला. पहिलं वळण सुटलं. दुसऱ्या वळणावर ट्रक थांबला, अगदी गेल्या वेळच्या जागी. इंजिन बंद झालं. माझा जीव गेला.

दार उघडलं. किसन खाली उतरला, मागे गेला, वाकून डाव्या बाजूच्या शेवटच्या खांबाकडे बघितलं, टायरपासून अंतर पावलांनी मोजलं आणि परत चढायला निघाला.

"काय झालं?" साहेब म्हणाले.

"शेवटचा खांब आरशात गावत न्हवता साहेब. बगून आलो."

साहेब बाजूला सरकले. किसनने ट्रक उरलेल्या खांबांतून सावकाश मागे आणून उभा केला. एकही खांब हलला नाही. साहेबांनी कागदावर लिहिलं आणि माझ्याकडे आले.

"इतके येतात, उतरून कोणी बघत नाही. हे तुम्ही शिकवलं?"

सवयीने 'हो' जिभेवर आलं होतं. "नाही साहेब," मी म्हणाले. "मी नुसती मागे उभी होते."

किसन अजून त्याच शेठकडे आहे. पहिले काही महिने शेठची तक्रार होती, की हा प्रत्येक गोदामात उतरून मागे जाऊन बघतो, वेळ खातो. आता शेठच्या सगळ्या गाड्यांमध्ये मागचे दिवे शाबूत असलेली तेवढी एकच गाडी आहे, आणि तक्रार बंद झाली आहे. मंदा म्हणते, पोरगी आता बापाच्या हातात कप नुसता ठेवते, कधी कधी दटावतेही. ती मिरजेतच नर्स आहे. परवा मला इंजेक्शन द्यायला आली, तेव्हा मी म्हटलं, "येऊ दे." तिने आधी कागदावरचं नाव वाचलं, बाटली उजेडात धरून बघितली, मगच सुई हातात घेतली.

नासिरच्या अब्बांची कंबर पुन्हा नीट झाली नाही. म्हणून पुढच्या वर्षी मीच ट्रक शिकले. खर्च किती येतो ते मला तेव्हा नेमकं कळलं. बोर्ड ऑफिसच्या भिंतीवर लावला, पण ती ओळ पुसून. खांब सरळ केला नाही.

अजूनही पोरं येतात. "आजी, हेवीचं लायसन्स किती पडंल?" मी फी सांगते, डॉक्टरचे सांगते, डिझेल सांगते. मग म्हणते, "आणि गाडी मागे घ्यायचे चार दिवस. त्याचे वेगळे पैसे."

"मागं घ्यायचं वेगळं कशाला वो?"

मी त्यांना खिडकीतून खांब दाखवते. जे हसतात त्यांना चारचे पाच दिवस लावते.