नाटकीचा मांडव

नाटकीला रडायला ग्लिसरीन लागत नसे. "रड" म्हटलं की डोळे भरायचे, आणि पुढच्या क्षणी ती आमच्या ताटातली बोंबलाची तुकडी पळवायची. उरणजवळच्या आमच्या आगरी गावात ती शेजारच्याच घरात वाढली. खरं नाव जयवंती, पण गावाला ती नाटकीच.

मुंबईत नाटकं करून तिचं बरं चाललं होतं. मग एका मालिकेत आगरी बाई करायला मिळाली आणि दिग्दर्शक तिला तिचीच बोली शिकवायला लागला. ती तडक गावी आली. "आमी कोण हाव, ते आता मीच दाखवीन," म्हणाली आणि जुना कॅमेरा घेऊन दारोदार फिरू लागली.

माझी आये धवलारीण. लग्नाचे विधी धवले गाऊन लावणारी, म्हणजे आमच्यातली बाई भटजीच. मांडवाशिवाय धवला म्हणायचा नाही, ही तिची शिस्त. माझं लग्न झालं हॉलमध्ये. डीजेच्या दणदणाटात धवला राहूनच गेला. नंतर मी किती वेळा मागितला. "मांडव कुठं हाय?" एवढंच आये विचारायची.

नाटकीने सरळ मांडवच घातला. आमच्या अंगणात चार बांबू, वर आंब्याच्या डहाळ्या, आणि चाळिशीतली ही बिनलग्नाची बाई हळद लावून, मुंडावळ्या बांधून, समोर कॅमेरा चालू ठेवून पाटावर बसली. गाव हसलं. "नाटकी ती नाटकीच," म्हणत आये गायला बसली आणि शेवटी लेक सासरी निघाल्यासारखी रडली. नाटकीही रडली, आणि ते नाटक नव्हतं. मी दिवा धरून उभी होते. माझ्या पोटात असं दुखलं म्हणून सांगू! एवढी साधी गोष्ट मला, पोटच्या पोरीला, का सुचू नये?

फिल्म देवळात दाखवली तेव्हा गावाने शिट्ट्या मारल्या. तिचा राग धरावा, तर आयेच्या आजारपणात उशाशी बसायला तीच धावून आली. अशा बाईवर धड जळताही येत नाही. तरी मी जळतेच.

आये गेली. तिचा धवला आता त्या फिल्ममध्येच उरलाय. त्यात नवरीचं नाव घ्यायच्या ठिकाणी आये "जयवंती" म्हणते. "कापू काय गो तेवढं?" नाटकीने विचारलं होतं. आयेचा आवाज तुटेल म्हणून मीच नको म्हटलं.

दुपारी घरात कोणी नसलं की मी मोबाइलवर फिल्म लावते. ती ओळ आली की आयेच्या आवाजावर मोठ्याने माझं नाव म्हणते.