मी न मारलेल्या हाका

आधीच सांगते, मी असल्या गोष्टींवर विश्वास ठेवणारी नाही. या ग्रुपवरचे भुताखेतांचे अनुभव मी जेवताना टाइमपास म्हणून वाचते आणि मनातल्या मनात प्रत्येकाचं लॉजिकल कारण शोधते. आता माझ्याच अनुभवाचं कारण सापडत नाहीये आणि घरात कोणी धड ऐकूनही घेत नाही, म्हणून इथे लिहितेय. शिक्षण इंग्लिश मीडियममध्ये झालंय, तेव्हा चुका पोटात घाला.

मी नागपूरची, सध्या अमेरिकेत मॉरिसव्हिलला नोकरी करते. माझे मामा-मामी टेक्सासमध्ये, शुगर लँडला असतात. मागच्या ऑगस्टमध्ये तिथल्या उकाड्याला कंटाळून मामांनी अलास्कातल्या कोडियाक बेटाची ट्रिप ठरवली – ते, मामी, कॉलेजात शिकणारी त्यांची मुलगी सई आणि मी.

बेट म्हटल्यावर माझ्या डोळ्यांसमोर वाळू आणि नारळ. हे बेट म्हणजे समुद्रातून थेट वर आलेले डोंगर. गवताने हिरवेगार, माथ्यावर बर्फाचे पट्टे, आणि जागोजागी समुद्र आत घुसून झालेल्या खाड्या. रस्ते फक्त शहराच्या आसपास. तेही डोंगराच्या सोंडेला वळसा घालत एका खाडीतून दुसरीत जाणारे. आम्ही चढलो तो डोंगर अशाच दोन खाड्यांच्या मधला. अलीकडच्या खाडीत आमची गाडी, वर खिंड, खिंडीपलीकडे दुसरी खाडी. एवढं लक्षात ठेवा, सगळा घोळ इथेच आहे.

तिथे अस्वलं भरपूर. चालताना सतत आवाज करत राहा म्हणजे ती लांब राहतात, असं हॉटेलवाल्या बाईंनी बजावलं होतं. मामांनी लगेच गाण्याच्या भेंड्या सुरू केल्या. माझी पाळी आली की मी पुटपुटायची.

"अगं, अस्वलाला ऐकू जायला हवं, शर्टाच्या बटणाला नाही!" मामा.

"असू दे हो, तिचा आवाजच तेवढा," मामी.

"शी इज, लाइक, ऑन म्यूट," सई म्हणाली. सगळे हसले. मीही हसले.

खिंडीतून परत फिरताना मी दोन्ही खाड्यांचा फोटो काढायला मागे थांबले. फोन खिशात टाकून मान वर केली तर धुकं... स्वतःचे बूट दिसेनात. भेंड्याही ऐकू येईनात.

वाटलं, आता हाक येईल. मामा एक मिनिट गप्प बसत नाहीत. मी थांबले. बराच वेळ थांबले. हाक आलीच नाही. ओरडायला मीच हवं होतं, ते कळत होतं. पण खरं सांगते, तोंड उघडलं आणि आवाज फुटला नाही. एकदाही नाही. शेवटी ओढ्याच्या आवाजाचा अंदाज घेत धडपडत उतरले, आणि धुक्यातून बाहेर आले ती पलीकडच्या खाडीत. इथवर अमानवीय काहीच नाही. दिशा चुकली, बस.

किनाऱ्यावर मासे धरणाऱ्या एका बाईंनी मला पिकअपमधून वळसा घालून आमच्या गाडीपाशी सोडलं. वाटेत मी ठरवून टाकलं होतं – आज भांडायचं. एक हाक मारता आली नाही?

तर तिघं चिवडा खात बसलेले. निवांत.

"अगं, गाडी दिसली आणि तू एकदम गायब! आम्हाला वाटलं, झाडीमागे गेलीस," मामी.

"मामी, मी पलीकडून येतेय. मी वरच राहिले होते."

"काहीतरीच! तूच तर आम्हाला खाली आणलंस."

त्यांनी सांगितलं ते असं – धुक्यात मामींचा गुडघा धरला होता. त्या रडकुंडीला आल्या होत्या. तेव्हा पुढून माझा आवाज यायला लागला – "मामी, इथे बसून उतरा. डावा पाय आधी. हा दगड हलतोय, थांबा." अख्खा उतार. मी दिसत नव्हते, पण त्या धुक्यात कोणीच कोणाला दिसत नव्हतं. मामांनी ऐकलं, सईनेही ऐकलं.

त्या बाईंनीही सांगितलं, हिला मी पलीकडच्या खाडीतून आणलंय. त्या गेल्यावर मामा म्हणाले, "इको असेल. डोंगरात आवाज घुमतो."

"पण मी ओरडलेच नाही!"

"घाबरल्यावर माणसाला आठवत नाही."

"आणि मामींचा डावा पाय मला पलीकडून दिसत होता का?"

"आता वाद नको घालूस. सगळे सुखरूप आहोत ना?"

बास. विषय संपला. मी त्या भागाचा नकाशा कितीदा उघडून पाहिलाय. माझा ओढा आणि त्यांची वाट यांच्यामध्ये अख्खा डोंगर आहे. मी गळा फाडून ओरडले असते तरी तिकडे ऐकू गेलं नसतं. आणि मामा आता प्रत्येक पार्टीत माझं कौतुक करतात – "आमच्या भाचीने वाट दाखवली!" लोक माझ्याकडे बघतात.

जे कोणी होतं त्याने मामींना जपून उतरवलं, हे मला मान्य आहे. पण त्याच्यामुळेच मला कोणी शोधलं नाही. अस्वलांच्या डोंगरावर मी एकटी, आणि माझ्या माणसांच्या लेखी मी हरवलेच नव्हते.

परवा मामींचा फोन होता. म्हणाल्या, "त्या दिवशी किती मोकळी बोलत होतीस गं. नेहमी तशीच बोलत जा ना आमच्याशी."

मी विचारलं, "मामी, मला एकदा तरी हाक का नाही मारलीत?"

"वेडी आहेस का? तू समोर होतीस, तर हाक कशाला मारायची?"

यावर कोणाला काही सुचत असेल तर लिहा. फक्त इको म्हणू नका.