पानाबाईची दोन मीटर जागा

शनिवारी दुपारी पाळी संपवून पानाबाई घरी आली, तेव्हा तिचं खोकं फोडलेलं होतं.

तिचं खरं नाव कारखान्यात कोणाच्या लक्षात नव्हतं. शिवणकामाच्या त्या कारखान्यात तीनशे मशीन होती. त्यातलं एखादं टाके सोडायला लागलं किंवा सुया मोडायला लागलं की हाक एकीलाच जायची. अॅप्रनच्या खिशातून कायम एक पाना डोकावत असायचा, म्हणून पानाबाई. सत्तावीस वर्षं मशीनच्या पोटात हात घालून बाईची नखं काळी ती काळीच राहिली होती. नुसत्या आवाजावरून कुठला स्क्रू ढिला झालाय ते ती लांबून सांगायची. लग्न केलं नव्हतं. आईवडिलांच्या मागे तीन खोल्यांचं घर दोघा भावंडांच्या नावावर झालं होतं. पुढच्या दोन खोल्या दादा-वहिनीच्या, मागची एक पानाबाईची. निदान कागदावर तरी.

खोक्यात होता व्हीआरचा हेडसेट. डोळ्यांवर बांधायचा, कॉम्प्युटरला जोडायचा आणि खेळ खेळायचा. कारखान्यातल्या कटिंगवाल्या मैत्रिणीने एकदा तो स्वतःच्या घरी तिच्या डोक्यावर चढवला होता. समोर सरळ उभा कडा, खाली खोल दरी. हातांनी कपारी धरत वर चढायचं. पानाबाई तिथे वीस मिनिटं चढत होती. उतरवल्यावर मैत्रिणीला एवढंच म्हणाली, "कुठे मिळतं हे?" त्यानंतर तिने वर्षभर दुसरं काही घेतलं नाही. आधी दमदार कॉम्प्युटर आणला, मग हे.

आणि आता बाहेरच्या खोलीतल्या टेबलावर खोकं आ वासून पडलं होतं. वायरी सोडवलेल्या, पिशव्या फाडलेल्या. दादा मोबाइलवर त्याचा फोटो काढत होता.

"दादा, हे कोणी उघडलं?"

"मीच. जावईबापूंना फोटो पाठवला. खूश झाले एकदम. पुढच्या रविवारी येतायत, म्हणाले, मी लावून देतो."

"कोणाला लावून देतो?"

"अगं म्हणजे सगळ्यांना. तुला काय जमणार आहे यातलं? नाजूक वस्तू आहे, मोडून ठेवशील."

पानाबाईच्या तळपायाची आग मस्तकात गेली. सकाळपासून तिने अकरा मशीन उघडून जोडली होती. दादाला घरातला बल्ब बदलायचा तर तो शेजारी हाक मारायचा. तिने वायरी गोळा केल्या, खोकं उचललं आणि आपल्या खोलीचं दार पायाने लोटून घेतलं. बाहेरून दादाचा आवाज आला, "एवढं काय चिडायचं त्यात?"

रविवारी सकाळी तिने ड्रिल काढलं. हेडसेटबरोबर दोन छोटे सेन्सर होते, ते खोलीच्या समोरासमोरच्या कोपऱ्यांत डोक्यापेक्षा उंच लावायचे होते. भिंतीला पहिलं भोक पडतंय तोच दादा दारात.

"भिंत पोखरतेस की काय?"

"माझी आहे."

"पण रंग आत्ता मागच्याच वर्षी दिला..."

"बाहेरच्या खोल्यांना दिलास. इथे नाही दिला," ती म्हणाली आणि दुसरं भोक पाडलं.

मग आरशासमोर उभं राहून तिने पट्टीने दोन्ही बुबुळांमधलं अंतर मोजलं. एकसष्ट मिलिमीटर. हेडसेटच्या भिंगांचं अंतर तेवढंच करून घेतलं. वायर कॉम्प्युटरला जोडली. हे सगळं तिने पुस्तिका वाचून, एक पायरी न चुकता केलं. तरी पडद्यावर एकच ओळ येत होती: हेडसेट सापडत नाही. तिने वायरी काढल्या, पुसल्या, पुन्हा लावल्या. पुन्हा तेच.

शेवटी तिने कंपनीच्या मदत क्रमांकावर फोन लावला. पलीकडून गोड आवाजाचा एक माणूस बोलला.

"मॅडम, घरात कोणी टेक्निकल माहिती असणारं आहे का?"

"आहे."

"त्यांच्याकडे फोन देता का जरा?"

"त्यांच्याच कानाला आहे. बोला."

मग त्याने विचारलं की वायरीच्या मधोमध जी काळी डबी आहे, तिच्यावरचा दिवा हिरवा आहे का. दिवा लागलेलाच नव्हता. "मग तिचा अडॅप्टर नीट बसलेला नाही, मॅडम."

अडॅप्टर! पानाबाईने खोकं उलटं केलं. पुस्तिकेत चित्र होतं, खोक्यात त्याच्या आकाराची खाच होती आणि खाच रिकामी होती. ती तशीच बाहेरच्या खोलीत गेली. दादा मॅच बघत बसला होता. टीव्हीच्या मागे इंटरनेटचा डबा लुकलुकत होता आणि त्याच्या बुडात नवाकोरा अडॅप्टर खुपसलेला होता.

"हा कुठला?"

"अरे हो, सांगायचं राहिलं," दादा टीव्हीवरून नजर न काढता म्हणाला. "वायफायचा जळला होता. तुझ्यातला बघितला, चपखल बसला. तुझं काय, तुझं आत्ता कुठे सुरू व्हायचंय."

पानाबाईने तो उपटून काढला. मॅच जागच्या जागी थिजली. फलंदाजाची बॅट हवेतच राहिली.

"अगं! शेवटची षटकं आहेत!"

"मग जा आणि नवा अडॅप्टर आण. बारा व्होल्टचा. मला यातलं जमणार नाही, मोडून ठेवशील म्हणालास ना? आता बाजारातून अडॅप्टर तरी आणता येतो का बघू."

वहिनी स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली. तिने पदराने तोंड पुसल्यासारखं करून हसू लपवलं, ते पानाबाईला दिसलं.

डबीवर हिरवा दिवा लागला. पानाबाईने हेडसेट चढवला, दोन्ही हातांत कंट्रोलर धरले. आतून एका बाईचा शांत आवाज सांगू लागला: कंट्रोलर जमिनीवर ठेवा. ठेवले. आता उभ्या राहा आणि मोकळ्या जागेभोवती रेघ ओढा. पानाबाई कंट्रोलर रोखून रेघ ओढत निघाली. पलंगाची कड, खिडकी, टेबल, आणि मग हात आपटला पुठ्ठ्यावर. रेघ पुरी झाली तेव्हा आवाज तितक्याच शांतपणे म्हणाला: जागा अपुरी आहे. कमीत कमी दोन मीटर बाय दीड मीटर मोकळी जागा हवी.

तिने हेडसेट कपाळावर सरकवला आणि भिंतीकडे पाहिलं.

भिंत दिसतच नव्हती. जमिनीपासून छतापर्यंत सव्वीस खोकी रचलेली होती. दादाने नऊ वर्षांपूर्वी पाण्याचे फिल्टर विकायचा धंदा काढला होता. तो वर्षभरात बसला आणि उरलेला माल "दोन दिवसांसाठी" पानाबाईच्या खोलीत आला. तेव्हापासून ती पलंग आणि खोक्यांच्या मधून तिरकी चालायची. खोक्यांमधली रबरं पिवळी पडून भुगा झाली होती. मागच्या वर्षी तिच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. डॉक्टरांनी चालायला वॉकरची चौकट दिली. चौकट त्या फटीत शिरेना. तिने दादाला सांगितलं, तेव्हा तो म्हणाला होता, "आडवी धर ना जरा. कुठे हलवू आता एवढं?" आणि सहा आठवडे ती पलंगाचा कठडा आणि खोकी धरत, दात-ओठ खात बाथरूमपर्यंत गेली होती.

तेव्हा ती गप्प बसली होती. आता का कोण जाणे, त्या शांत आवाजाच्या बाईने "जागा अपुरी आहे" म्हटलं आणि पानाबाईचं डोकं फिरलं. दोन मीटर! पन्नाशी उलटली, सत्तावीस वर्षं कमावतेय, आणि हात पसरायला स्वतःच्या खोलीत दोन मीटर नाहीत!

तिने पहिलं खोकं ओढलं आणि जिन्यातल्या मोकळ्या जागेत नेऊन ठेवलं. मग दुसरं. चौथ्या खोक्याला दादा आडवा आला.

"काय चाललंय हे?"

"जागा करतेय."

"एका खेळासाठी? माझा माल बाहेर काढतेस, तो खेळासाठी? या वयात?"

"हो, खेळासाठी!" पानाबाईचा आवाज असा चढला की खालच्या मजल्यावरच्या नर्सबाईंनी दार उघडलं. "गुडघ्यासाठी सांगितलं तेव्हा हललं का एक तरी खोकं? तेव्हा आजारी होते, तेव्हा तुला वय नाही आठवलं माझं. लंगडत होते रे मी तुझ्या फिल्टरांना धरून! आता मला खेळायचंय. खेळायचंय म्हणून खेळायचंय. बाजूला हो."

"त्यात माझं भांडवल आहे."

"त्यात भुगा आहे. हुंगून बघ."

दादाने खरंच एक खोकं उघडलं, वास घेतला आणि तोंड वाकडं केलं. पण माघार कसली घेतो! "मी परत आत ठेवणार," म्हणाला आणि घरात निघून गेला. उरलेली खोकी पानाबाईने एकटीने काढली. शेवटच्या पाचांना मात्र दुसऱ्या बाजूने हात लागला. वहिनी होती.

"वहिनी, तू नको. तो ओरडेल."

"ओरडू दे," वहिनी म्हणाली. "स्वयंपाकघरात अजून नऊ आहेत. पुढच्या रविवारी ती काढू."

भिंत मोकळी झाली. तिच्यावर रंगाचा जुना, फिकट निळा चौकोन निघाला. पानाबाईने केर काढला, हेडसेट चढवला आणि पुन्हा रेघ ओढली. या वेळी आवाज म्हणाला: जागा तयार आहे.

कडा समोर आला. तिने पहिली कपार धरली. संतापाच्या भरात दोनदा घसरून खाली पडली आणि कारखान्यात तोंडी बसलेल्या दोन शिव्या हासडल्या. तिसऱ्यांदा ती चढत गेली. श्वास लागला, घाम फुटला. वरची कपार लांब होती. तिने उजवा हात जीव खाऊन वर भिरकावला आणि तो कशावर तरी खाड्कन आदळला.

"आई गं!"

तिने हेडसेट काढला. दादा एक खोकं पोटाशी धरून खोलीच्या मध्यात उभा होता. नाक लाल, चष्मा कानावरून लोंबकळत. गुपचूप एकेक खोकं परत आणायला आला होता.

"मारलंस मला!"

"रेघेच्या आत आलास."

"कसली रेघ? मला नाही दिसत."

"मला दिसते," पानाबाई म्हणाली. तिला सॉरी म्हणावंसं वाटलं नाही आणि ती म्हणालीही नाही. तिने खोकं त्याच्या हातातून घेतलं, जिन्यात नेऊन ठेवलं आणि खोलीत येऊन दाराला आतून कडी घातली.

दादाने तिच्याशी बोलणं टाकलं. खोकी चार दिवस जिन्यात राहिली. पाचव्या दिवशी नर्सबाईंनी वर येऊन त्याला सगळ्यांदेखत झाडलं आणि संध्याकाळी टेम्पो आला. पुढच्या रविवारी जावईबापू हौसेने आले. पानाबाईने त्यांना सरळ सांगितलं, "आज माझं चालू आहे. तुम्ही पुढच्या वेळी फोन करून या." ते बिचारे निमूटपणे मान डोलावून चहा पीत बसले. दादाचं तोंड मात्र कडू झालं. पानाबाईलाही वाटलं होतं की दोन-चार दिवसांत आपला राग ओसरेल. ओसरला नाही. जिना चढताना गुडघा दुखला की पुन्हा ताजा व्हायचा.

एका सुट्टीच्या दुपारी वहिनी हात पुसत तिच्या दारात आली. "ताई, मला जमेल?"

पानाबाईने पट्टी काढून तिच्या बुबुळांमधलं अंतर मोजलं, भिंगं सरकवली, पट्टा आवळला. वहिनी चढली नाही. कड्याच्या पायथ्याशीच मान वर करून उभी राहिली, मग हळूहळू गोल फिरली आणि दोन्ही हात लांब पसरून तशीच थांबली.

"आणखी थोडा वेळ राहू का इथे?"

"राहा."

पानाबाई पलंगावर पाय वर घेऊन बसली. बाहेरून दादाची हाक आली, "अगं, चहाचं काय झालं?" नऊ दिवसांत या दाराच्या दिशेने आलेले त्याचे ते पहिले शब्द होते. वहिनी दचकून हेडसेटला हात लावायला गेली.

"तू थांब," पानाबाई म्हणाली आणि दाराकडे तोंड करून ओरडली, "साखर वरच्या फळीवर आहे! करून घे!"